गावाचा इतिहास लिहिताना : एका वाक्याचा धडा

गावागावांच्या इतिहासावरची पुस्तके मी आयुष्यभर जमवत आलो. देवस्थानांच्या स्मरणिका, शाळांचे सुवर्णमहोत्सवी अंक, कुळांचे वृत्तांत, एखाद्या निवृत्त शिक्षकाने पदरमोड करून छापलेली शंभर पानांची पुस्तिका, असा हा संग्रह आहे. माझ्या कपाटाचे तीन कप्पे त्याने भरले आहेत. त्यांत एक स्मरणिका अशी आहे की तिच्यातला मुख्य लेख माझा स्वतःचा आहे. त्या लेखातील एका वाक्याविषयी मला येथे लिहायचे आहे. स्थानिक इतिहासाची पुस्तके कशी वाचावीत आणि कशी लिहावीत, याविषयी मला जे थोडेफार कळले ते त्या एका वाक्याने शिकवले.

सुमारे तीस वर्षांपूर्वीची गोष्ट. अंत्रुज महालात, म्हणजे आजच्या फोंडा तालुक्यात, मी एका हायस्कुलात मराठी आणि इतिहास शिकवत होतो. गावच्या देवळाचा जीर्णोद्धार पूर्ण होत आला होता आणि स्मरणिकेसाठी गावाचा इतिहास लिहायचे काम माझ्याकडे आले. मुदत दोन महिन्यांची. मी चार-पाच महाजनांच्या घरी जाऊन बसलो, दोन छापील पुस्तके वाचली आणि सोळा पानांचा लेख लिहून दिला. त्यात एक वाक्य असे होते : ‘इ. स. १५६० मध्ये आपल्या गावच्या महाजनांनी साष्टीतून नदी ओलांडून देवाला येथे आणले.’

अंक निघाला, लोकांनी कौतुक केले. आठवड्याभराने देवळात ढोल वाजवणाऱ्या घराण्यातले एक वृद्ध गृहस्थ माझ्या घरी आले. कापडी पिशवीतून त्यांनी अंक काढला. नातवाने त्यांना तो पूर्ण वाचून दाखवला होता. ते म्हणाले, “मास्तर, तुमी बरें बरयलां. पूण हातूंत आमी खंय आसात?” मग त्यांनी आपल्या घरात चालत आलेली हकिगत सांगितली. देव आणला त्या रात्री होडीत त्यांचा पूर्वजही होता. आवाज होऊ नये म्हणून ढोल गोणपाटात गुंडाळून आणला होता. म्हणून आजही वर्षातून एका रात्री पालखी निघताना त्यांच्याकडचा ढोल आधी काही क्षण मुका धरला जातो. मी ऐकून घेतले आणि म्हणालो, “पुढच्या आवृत्तीत पाहू.”

पुढची आवृत्ती लवकर निघालीच नाही. दरम्यान ते गृहस्थ वारले. काही वर्षांनी पालखीच्या मानावरून गावात वाद झाला, तेव्हा बैठकीत कुणीतरी माझा लेख उघडून तेच वाक्य मोठ्याने वाचले आणि विचारले, “महाजनांनी आणले असे छापलेले आहे. यात तुमचे नाव कुठे आहे?” मी मागच्या बाकावर बसलो होतो. माझे वाक्य तेथे पुरावा म्हणून वापरले जात होते, आणि त्यामागे पुरावा काय होता हे त्या सभेत फक्त मला ठाऊक होते.

वाक्यातली तीन विधाने

घरी येऊन मी ते वाक्य सोडवून पाहिले. त्यात तीन वेगवेगळी विधाने होती : वर्ष, कर्ता आणि क्रिया.

वर्ष मी उसने घेतले होते. कुशस्थळीचा, म्हणजे आजच्या कुठ्ठाळीचा, मंगेश १५६० साली प्रियोळला आला आणि केळोशीची शांतादुर्गा १५६६ साली कवळ्याला आली, असे त्या त्या देवस्थानांच्या इतिहासात सांगितले जाते. आमचा देवही साष्टीतलाच, म्हणून त्यातले एक वर्ष मी आमच्या देवालाही लावून टाकले. स्थलांतराची परंपरा निराधार नाही. साष्टी आणि बारदेश १५४३ मध्ये पोर्तुगिजांकडे गेले. १५६७ मध्ये साष्टीत मोठ्या प्रमाणावर देवळे पाडली गेली. नदीच्या अलीकडचा फोंड्याचा मुलूख तेव्हा आदिलशाहीत होता. देव अलीकडे का आणले गेले, हे यातून नीट समजते. पण काळाची चौकट मिळाली म्हणजे वर्ष मिळाले असे होत नाही.

कर्ता तर मी नकळत बदलला होता. ‘महाजन’ हा शब्द जुना आहे; परंतु देवस्थानाच्या यादीत नोंदलेला हक्कदार हा त्याचा आजचा कायदेशीर अर्थ पोर्तुगीज राजवटीत १८८६ आणि १९३३ साली झालेल्या देवस्थानविषयक नियमांनी पक्का केला. मी विसाव्या शतकातली यादी उचलून सोळाव्या शतकातल्या होडीत बसवली होती.

राहिली क्रिया. ‘आणले’ म्हणजे कुणी ठरवले, कुणी उचलले, कुणी वल्हे मारले, कुणी पहारा दिला? एका क्रियापदात ही सगळी माणसे बुडाली होती.

कागद कुणाला लक्षात ठेवतो

मराठीत इतिहास लिहिणाऱ्याच्या मनात कागदाविषयी मोठा आदर असतो. वि. का. राजवाडे यांनी १८९८ पासून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ छापायला सुरुवात केली, तेव्हापासून अस्सल कागदावाचून बोलू नये हा संस्कार आपल्यावर झाला आहे, आणि तो योग्यच आहे. मात्र कागद कशासाठी लिहिला गेला हे विचारल्याशिवाय तो पुरता वाचला असे म्हणता येत नाही.

गोव्यातील गावकरीचे उदाहरण घ्या. अफोंसो मेशिया याने १५२६ साली गावकऱ्यांच्या रूढी लेखी नोंदवून घेतल्या. त्यामागे मुख्य हेतू महसुलाचा होता. पुढे १८५२ मध्ये फिलिप नेरी शाव्हियेर यांनी ग्रामसंस्थांविषयीचा आपला पोर्तुगीज ग्रंथ प्रसिद्ध केला. गावकऱ्यांचे हक्क, जमिनी, वाटे यांविषयी या परंपरेत विपुल माहिती आहे. जमीन आणि हक्क ज्यांच्या नावे, त्यांची नावे तेथे सापडतात. ज्याच्याकडून सारा यायचा नाही, त्याचे नाव लिहिण्याचे कारकुनाला कारण नव्हते.

असे असले तरी कागद कधीकधी आपल्या हेतूपलीकडचे सांगून जातो. देवळे पाडल्यावर त्यांच्या जमिनी ताब्यात घेण्यासाठी पोर्तुगीज अधिकाऱ्यांनी याद्या केल्या. देवाच्या सेवेसाठी दिलेल्या जमिनींना आपल्याकडे नमशी म्हणतात. त्यांची मोजदाद करताना देवळाच्या सेवेकऱ्यांकडे असलेले तुकडेही नोंदले गेले. रुई गोमिश पेरेरा यांनी गोव्यातील देवळे व दैवते यांवरच्या आपल्या पुस्तकात अशा जुन्या नोंदींच्या आधारे गावोगावची माहिती मांडली आहे. जप्तीसाठी केलेल्या यादीत वाजंत्र्याचा उल्लेख टिकला आणि भक्तिभावाने लिहिलेल्या माझ्या लेखात तो गळला, हे कळले तेव्हा मला फार ओशाळल्यासारखे झाले.

कागदाच्या कडेला उभी असलेली माणसे कशी शोधावीत, याचा वस्तुपाठ डॉ. पांडुरंग पिसुर्लेकर यांनी घालून दिला आहे. गोव्याचे पुराभिलेखागार त्यांनी वर्षानुवर्षे सांभाळले. त्यांचा ‘पोर्तुगेज-मराठे संबंध’ हा मराठी ग्रंथ पुणे विद्यापीठाने १९६७ मध्ये प्रसिद्ध केला, तो आपल्याकडे बऱ्याच जणांना माहीत असतो. त्याआधी १९५२ साली त्यांनी पोर्तुगिजांच्या सेवेतील हिंदू, मुसलमान, यहुदी आणि पारशी वकील व दुभाषे यांच्यावर पोर्तुगीजमध्ये ग्रंथ लिहिला होता. व्हाइसरॉयांच्या पत्रव्यवहारात जे ओझरते येतात त्यांना त्यांनी तेथे ग्रंथाचे विषय केले. त्यांनी कागद तोच वापरला, पण त्याला विचारलेला प्रश्न वेगळा होता.

दगड किती बोलतो

दगडावर कोरलेले म्हणजे निर्विवाद, असे आपण समजतो. दगड खरे सांगतो, पण मोजके सांगतो.

नागेशी येथील शिलालेख शके १३३५ चा, म्हणजे इ. स. १४१३ चा आहे. त्यात विजयनगरच्या देवरायाच्या काळातील दानाचा उल्लेख आहे. या एका लेखाने मोठे काम केले आहे : अंत्रुजातील सगळेच देव सोळाव्या शतकात पलीकडून आलेले नाहीत, काही देवस्थाने पोर्तुगीज येण्यापूर्वीपासून येथे नांदत होती, हे तो ठामपणे सांगतो. स्मरणिका लिहिणाऱ्यांना स्थलांतराची कथा इतकी आवडते की मूळच्या देवालाही ते कधीकधी होडीत बसवतात.

दुसरे उदाहरण नार्वे येथील सप्तकोटेश्वराचे. शके १५९० मधील कार्तिक वद्य पंचमीचा, म्हणजे १३ नोव्हेंबर १६६८ चा, लेख तेथे आहे. छत्रपती शिवाजी महाराजांनी देवालयाच्या कामाचा प्रारंभ केल्याची ही नोंद आहे. अनेक पुस्तकांत हीच तारीख ‘देऊळ बांधले’ अशी येते. लेख प्रारंभाची तारीख सांगतो; पूर्ण झाल्याची सांगत नाही. फरक एका शब्दाचा आहे, पण इतिहास लिहिणाऱ्याने तो शब्द गाळू नये.

विद्यार्थ्यांसाठी येथे एक साधी सूचना. शकाचे इसवी सन करताना ७८ मिळवावेत हे सर्वांना ठाऊक असते. मात्र शकाचे वर्ष चैत्रात सुरू होते, त्यामुळे त्याच शकातील जानेवारीपासून पुढच्या दिवसांसाठी ७९ मिळवावे लागतात. लेखात महिना दिलेला असेल तर तो पाहिल्याशिवाय सन लिहू नये. एका वर्षाच्या फरकाच्या कितीतरी चुका छापील पुस्तकांत केवळ यामुळे शिरल्या आहेत.

तोंडी परंपरा

ढोलाची हकिगत मी लिहिली नाही, कारण ती ‘नुसती सांगोवांगी’ होती. पण महाजनांच्या घरी बसून जे लिहून घेतले तेही सांगोवांगीच होते. एका ओसरीवर ऐकलेले मी इतिहास मानले आणि दुसऱ्या ओसरीवरचे दंतकथा. हा माझा खरा दोष. वर्षाची चूक त्यापुढे लहान आहे.

तोंडी परंपरेवर आंधळा विश्वास ठेवावा असे मी म्हणत नाही. माणसे दोन घटना एकत्र करतात, पूर्वजांना मोठे करतात, शेजारच्या गावची गोष्ट आपली म्हणून सांगतात. पण परंपरा तपासता येते. एकच हकिगत दोन वाड्यांत, एकमेकांना न कळवता, वेगवेगळी विचारावी. सांगणाऱ्याला ती कुणाकडून आली ते विचारावे. ती एखाद्या विधीत, शेताच्या नावात, वाटेत किंवा मानात जिवंत आहे का ते पाहावे. ढोल काही क्षण मुका धरण्याचा विधी आजही पाळला जातो. तो विधी हकिगत सिद्ध करत नाही. पण ती हकिगत काल-परवा वाद जिंकण्यासाठी रचलेली नाही, एवढे तरी सुचवतो.

मूळचे साखवाळचे दामोदर कोसंबी गणिती होते, पण जुन्या काबिजादींतील ग्रामसंस्थांवर त्यांनी लिहिलेला निबंध त्यांच्या ‘मिथ अँड रिअॅलिटी’ या १९६२ च्या पुस्तकात आहे. गावाच्या इतिहासात राजांपेक्षा जमीन, पाणी, श्रम आणि दैवते यांची सांगड महत्त्वाची आहे, ही दृष्टी मला त्यांच्याकडून मिळाली. पायी हिंडून, लोकांना विचारून आणि डोळ्यांनी पाहून जे कळते तेही साधनच, हा विश्वास त्यांच्या लेखनातून येतो.

चार पुस्तके, एकच तोंड

ही अडचण गोव्यापुरती नाही. बेळगाव भागातील माझ्या एका शिक्षकमित्राने आपल्या गावाच्या नावाची व्युत्पत्ती लिहायला घेतली. त्याला तीन मराठी पुस्तकांत एकच माहिती सापडली, म्हणून तो निश्चिंत झाला. नंतर लक्षात आले की तिन्ही लेखकांनी ती कॅम्पबेल यांनी संपादित केलेल्या बेळगाव जिल्ह्याच्या १८८४ च्या गॅझेटियरमधून घेतली होती. गॅझेटियरची बरीचशी स्थानिक माहिती सरकारी अधिकाऱ्यांमार्फत गावोगावी विचारून गोळा झालेली. म्हणजे गावकऱ्याच्या आजोबांनी सांगितलेले गॅझेटियरने छापले, गॅझेटियरचे पुस्तकांनी उचलले, आणि आता नातू म्हणतो, “पुस्तकात आहे, म्हणजे आजोबा खरे बोलत होते.” पुस्तके चार झाली तरी आधार एकच राहिला.

त्याच मित्राने दुसरीही गोष्ट केली. तो जुने कन्नड वाचायला शिकला. बेळगावच्या किल्ल्यातील बसदीशी संबंधित रट्ट राजा चौथा कार्तवीर्य याच्या काळातले १२०४ चे लेख कन्नडात आहेत. त्या परिसराचा मध्ययुगीन इतिहास मराठीत लिहायचा असेल तर कन्नड टाळून चालणार नाही. आम्हा गोमंतकीयांना तसे पोर्तुगीज टाळता येत नाही. मोडी आणि शक्य तर गोयकानडी लिपीही यायला हवी. सीमेवरच्या आणि बाहेरच्या मराठी माणसाने शेजारच्या भाषेतला पुरावा लपवला, तर त्यात मराठीचे हित नाही. तो पुरावा आपल्या भाषेत नीट आणून ठेवण्यात मराठीचे हित आहे.

वाचताना आणि शिकवताना

आता कोणतेही स्थानिक इतिहासाचे पुस्तक हाती आले की मी पेन्सिल घेऊन बसतो आणि काही प्रश्न समासात लिहितो. हे विधान कशावरून केले? तो आधार लेखकाने स्वतः पाहिला की दुसऱ्या पुस्तकातून घेतला? मूळ कागद कुणी, कशासाठी लिहिला? या पानावर गावातले कोण दिसत नाही? आणि ‘परंपरा सांगते’, ‘बहुधा’, ‘लेखात असे आहे’ या शब्दांतला फरक लेखक पाळतो का? ज्या पुस्तकात हा फरक पाळलेला असतो ते पुस्तक, त्यातली काही माहिती पुढे चुकीची ठरली तरी, टिकते. कारण चूक कोठे झाली ते वाचकाला शोधता येते.

वडोद्यात सयाजीराव महाराजांच्या सेवेत राहून रियासतकार गो. स. सरदेसाई यांनी ‘मराठी रियासत’ लिहिली. पुढे पेशवे दप्तरातील निवडक कागदांचे ४५ खंड त्यांच्या संपादकत्वाखाली निघाले. नवी साधने हाती आल्यावर त्यांनी आपले जुने लेखनही सुधारले. एवढ्या मोठ्या माणसाला आपला मजकूर बदलण्यात कमीपणा वाटला नाही, मग आपल्या स्मरणिकांनी का संकोचावे?

शिक्षकांना एक उपक्रम सुचवतो. मी तो नववीच्या मुलांकडून अनेक वर्षे करून घेतला. प्रत्येक मुलाने गावच्या एखाद्या छापील स्मरणिकेतले एकच वाक्य निवडायचे आणि महिनाभर त्याच्या मागे लागायचे. शेतांची, बांधांची, तळ्यांची, वाटांची नावे जमवायची. वेगवेगळ्या वाड्यांतल्या दोन वडीलधाऱ्या माणसांना विचारायचे. वहीत चार रकाने : सांगणाऱ्याचे नाव, वय, ऐकल्याची तारीख, आणि त्यांनी ते कुणाकडून ऐकले. मुलांची भाषा सुधारते ती वेगळीच. पण छापलेल्या वाक्याला प्रश्न विचारता येतो हे त्यांना पहिल्यांदा कळते.

दुरुस्ती

तीन वर्षांपूर्वी देवळाने नवी स्मरणिका काढली. मी जुना लेख तसाच छापू दिला नाही. त्या वाक्याच्या जागी आता असा मजकूर आहे : ‘देव साष्टीतून नदी ओलांडून येथे आला असे गावातील सर्व घराणी सांगतात. साष्टीतील देवळांवर संकट आले तो काळ सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धाचा आहे. देव आणताना आपला पूर्वज होडीत होता, असे ढोल वाजवणाऱ्या घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या सांगितले जाते. मूळ गावातील देवळाच्या जमिनींच्या जुन्या यादीत वाजंत्र्याच्या नमशीची नोंद आहे.’ खाली एक ओळ अशी : ‘पूर्वीच्या स्मरणिकेतील वर्ष व उल्लेख लेखकाने पुरेशा आधारावाचून दिले होते.’

यादीतल्या नोंदीवरून त्याच घराण्याचा पूर्वज होडीत होता हे सिद्ध होत नाही, आणि मी तसे लिहिलेलेही नाही. पण ज्यांना विचारले गेले की तुमचे नाव कुठे आहे, त्यांना आता पान उघडून दाखवता येते.

अंक घेऊन मी त्या वृद्ध गृहस्थांच्या नातवाकडे गेलो. आता ढोल तो वाजवतो. त्याने तो मजकूर दोनदा वाचला आणि शेवटी दिलेल्या आधारांच्या तक्त्यावर बोट ठेवले. तेथे त्याच्या आजोबांचे नाव आहे, वय आहे, त्यांनी ते आपल्या वडिलांकडून ऐकले हेही आहे. ऐकल्याच्या तारखेच्या रकान्यात मात्र फक्त वर्ष आहे. “तारीख?” त्याने विचारले. मुलांना मी जे शिकवत आलो ते त्या दिवशी मी स्वतः केले नव्हते. ते माझ्या घरी आले, तासभर बसले, बोलले, आणि मी हातात पेन घेतलेच नव्हते.